भाडेकरूची कैफियत

महाराष्ट्रात भाडेकरूकडून जागा खाली करून घेण्यासाठी घरमालकाची इच्छा पुरेशी ठरत नाही. कायद्याने मान्य केलेले कारण सिद्ध करून त्याला न्यायालयाचा हुकूमनामा मिळवावा लागतो आणि त्याआधी भाडेकरूला आपली कैफियत, म्हणजे दाव्याचे लेखी उत्तर, मांडण्याची संधी मिळते. या संरक्षणाचा आधार असलेला 'महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९' हा ३१ मार्च २००० पासून अमलात आला आणि जुना मुंबई प्रांताचा १९४७ चा कायदा, तसेच विदर्भ व मराठवाड्यात चालत आलेल्या स्वतंत्र तरतुदी त्यामुळे संपुष्टात आल्या.

भाडे थकले एवढ्यावरून घर जात नाही. कलम १५ नुसार घरमालकाने थकबाकीची लेखी नोटीस दिल्यावर ९० दिवस थांबावे लागते. त्यानंतर दावा दाखल झालाच, तरी समन्स बजावल्यापासून ९० दिवसांत भाडेकरूने सर्व थकबाकी, तिच्यावरील दरसाल १५ टक्के सरळ व्याज आणि दाव्याचा खर्च न्यायालयात भरला व निकालापर्यंत तो भाडे नियमित भरत राहिला, तर थकबाकीच्या कारणावरून त्याच्याविरुद्ध हुकूमनामा होऊ शकत नाही. मात्र ही सवलत मुदतीशी घट्ट बांधलेली आहे. भाडेपावती देणे हे घरमालकाचे कर्तव्य असल्यामुळे ती मागून घेणे आणि जपून ठेवणे यात संकोच बाळगण्याचे कारण नाही, कारण पुढे भाडे भरल्याचा वाद उद्भवला, तर हाच कागद कामी येतो.

कलम १६ मध्ये कब्जा मागण्याची इतर कारणे दिलेली आहेत: परवानगीवाचून पक्के बांधकाम करणे, पोटभाडेकरू ठेवणे, शेजाऱ्यांना उपद्रव देणे, दाव्यापूर्वी सलग सहा महिने योग्य कारणाशिवाय जागा न वापरणे इत्यादी. यांतील बहुतेक कारणे भाडेकरूच्या वर्तनाशी निगडित असल्याने त्यांचा वाद मुख्यतः पुराव्याचा असतो. परंतु घरमालकाची 'वाजवी व खरीखुरी गरज' हे कारण वेगळ्या जातीचे आहे, कारण त्यात भाडेकरूचा काहीही दोष नसतो. गरज खरी आहे हे घरमालकाला दाखवावे लागते, आणि त्याच्याकडे दुसरी सोयीची जागा रिकामी असेल, तर भाडेकरू ते न्यायालयासमोर आणू शकतो. गरज सिद्ध झाल्यावरही प्रश्न संपत नाही. जागा गेल्याने भाडेकरूची होणारी अडचण ही जागा न मिळाल्याने घरमालकाच्या होणाऱ्या अडचणीपेक्षा मोठी असेल, तर हुकूमनामा नाकारावा, असे कलम १६(२) सांगते, आणि जागेचा काही भाग देऊन दोघांची सोय होत असेल, तर तेवढ्याच भागापुरता आदेश देता येतो. दोन गरजा समोरासमोर ठेवून तोलणारी ही तरतूद या कायद्यातील सर्वांत माणुसकीची तरतूद म्हणावी लागेल. तिचा लाभ मात्र आपोआप मिळत नाही: पर्यायी जागा शोधण्याचा प्रयत्नच ज्याने केला नाही, त्या भाडेकरूची अडचण न्यायालयाला तितकी गंभीर वाटत नाही.

हे दावे मुंबईत लघुवाद न्यायालयात चालतात आणि पहिल्या निकालाविरुद्ध ३० दिवसांत त्याच न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांच्या पीठापुढे अपील करता येते.

आज शहरांत घरे बहुधा अकरा महिन्यांच्या 'लीव्ह अँड लायसन्स' करारावर दिली जातात, आणि तिथे चित्र पालटते. लायसन्स म्हणजे केवळ वापराची परवानगी. त्यातून भाडेकरूचे हक्क निर्माण होत नाहीत. राहण्यासाठी दिलेल्या जागेच्या लायसन्सची मुदत संपल्यावर घरमालक कलम २४ नुसार सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करतो, आणि जागा वापरणाऱ्याला आपली बाजू मांडण्यासाठी आधी परवानगी मागावी लागते. समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत प्रतिज्ञापत्रासह ही परवानगी मागितली नाही, तर अर्जातील मजकूर मान्य आहे असे धरले जाते. शिवाय लेखी करारात नोंदवलेली वस्तुस्थिती तिथे निर्णायक पुरावा मानली जात असल्यामुळे 'प्रत्यक्षात हा भाडेकरारच होता' असा बचाव टिकणे फार कठीण असते, आणि मुदतीनंतर कब्जा देईपर्यंत ठरलेल्या शुल्काच्या दुप्पट दराने भरपाईची आकारणी होऊ शकते. एकाच मजल्यावर पागडीच्या, म्हणजे जुन्या भाडेकरारावरच्या, घरात राहणारे कुटुंब दोन गरजांचा तोल मागू शकते, तर लायसन्सवर राहणाऱ्या शेजारच्या कुटुंबाला तो प्रश्न उपस्थितही करता येत नाही, ही विषमता त्या कुटुंबाच्या गरजेतून नव्हे, तर त्याने सही केलेल्या करारातून येते.