मुंबईचा अध्यक्ष कोण निवडी?

आपल्या शहापूर तालुक्यातल्या तानसा तलावाचे पाणी 1892 सालापासून मुंबई पिते. त्या मुंबईचा कारभार म्युनिसिपालिटी पाही. तिच्या प्रमुखाला तेव्हा अध्यक्ष म्हणत. पुढे 1931 साली त्याला मेयर, म्हणजे महापौर, म्हणू लागले.

अध्यक्षाला निवडीत सभासद. ते होते 72. त्यांतले 36 कर भरणारे लोक निवडीत. 16 सरकार नेमी. 16 सरकारमान्य बडी माणसे निवडीत. उरलेले 4 युनिव्हर्सिटीचे व व्यापाऱ्यांचे. भाड्याच्या खोलीतल्या मजुराला मतच नव्हते.

फिरोजशहा मेहता 1905 साली अध्यक्ष होते. ते सरकारलाही खडसावीत. 1907 साली काही इंग्रज अधिकाऱ्यांनी त्यांना पाडायचा कट केला. बड्या माणसांच्या 16 जागांत मेहतांचा नंबर लागला सतरावा! पुढे निवडून आलेल्या एकाची निवड रद्द झाली, म्हणून मेहता आत आले. 1911 साली ते पुन्हा अध्यक्ष झाले.

मते थोड्यांच्या हाती असली, की असे कट जमतात. आज 18 वर्षांवरच्या बाई-बाप्या सगळ्यांना मत आहे. मतदानाच्या दिवशी आपण घरी बसलो, तर गावातही मूठभरांचेच चालेल. तेव्हा मंडळी, यादीत आपले नाव आहे का, ते आता स्वतः वाचून पाहा.