रोजंदारीची वर्षं आणि कायम होण्याचा हक्क

नगरपालिकेचा सफाई कामगार, वनखात्याच्या रोपवाटिकेत पिशव्या भरणारी बाई, सरकारी कार्यालयात पाणी भरण्यापासून टपाल वाटण्यापर्यंत सगळं करणारा माणूस. मस्टरवर नाव पंधरा-पंधरा वर्षं, पण हुद्दा ‘रोजंदार’च. अशांना दोन सल्ले हमखास मिळतात. एक, ‘२४० दिवस भरलेत ना, मग तू कायमच.’ दुसरा, ‘उमादेवीच्या निकालानंतर कुणीच कायम होत नाही.’ दोन्ही सल्ले अर्धवट आहेत.

गैरसमज १ : वर्षात २४० दिवस भरले की नोकरी आपोआप कायम.

वस्तुस्थिती : १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात २४० दिवस भरल्याने मिळायचं ते मुख्यतः कपातीपासूनचं संरक्षण, आणि त्याची जागा घेणाऱ्या औद्योगिक संबंध संहितेतही ते आहे. कामगाराला कमी करायचं तर महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार द्यावा लागतो. शिवाय सेवेच्या प्रत्येक पूर्ण वर्षामागे १५ दिवसांच्या सरासरी वेतनाइतकी भरपाई. महाराष्ट्राच्या आदर्श स्थायी आदेशांत २४० दिवसांनंतर कायम करण्याची तरतूद होती, हे खरं. पण नगरपालिकेसारख्या संस्थेत मंजूर रिक्त पदच नसेल, तर केवळ त्या तरतुदीवर कायम करता येत नाही, असं मुंबई उच्च न्यायालयाने म्हटलं आहे.

गैरसमज २ : दहा वर्षं झाली की सरकारला कायम करावंच लागतं.

वस्तुस्थिती : दहा वर्षांचा आकडा आला तो कर्नाटकच्या उमादेवी खटल्यातून. १० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने सांगितलं की मागच्या दाराने झालेली नेमणूक केवळ काळ लोटला म्हणून पक्की होत नाही. ज्यांना अर्ज करायची संधीच मिळाली नाही, त्यांच्या समानतेच्या हक्काचाही तो प्रश्न आहे. अपवाद एकच ठेवला : पद मंजूर व रिक्त, माणूस पात्र, नेमणुकीत फक्त प्रक्रियेची त्रुटी आणि न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षं सेवा. अशांचा विचार सरकारने एकवेळची बाब म्हणून करावा. २०१० मध्ये न्यायालयाने पुढे स्पष्ट केलं की एखादा पात्र माणूस विचारातून सुटला असेल, तर ती ‘एकवेळ’ संपली असं मानता येणार नाही.

गैरसमज ३ : उमादेवीने सगळे दरवाजे बंद केले.

वस्तुस्थिती : महाराष्ट्रात एक दरवाजा उघडा राहिला. कामगारांना कायमपणाच्या लाभांपासून दूर ठेवण्यासाठी वर्षानुवर्षे बदली किंवा हंगामी म्हणून राबवणं ही १९७१ च्या राज्य कायद्यानुसार अनुचित कामगार प्रथा आहे. पुण्याच्या वनमजुरांना १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात याच तरतुदीने न्याय दिला. २००९ मध्ये एसटीच्या गाड्या झाडणाऱ्या-धुणाऱ्या कामगारांच्या खटल्यात न्यायालयाने सांगितलं की अशी प्रथा सिद्ध झाली, तर कायम करण्याचा आदेश देण्याचा औद्योगिक न्यायालयाचा अधिकार उमादेवीने काढून घेतलेला नाही. मात्र पद अस्तित्वात हवं आणि ते खातं कायद्याच्या अर्थाने ‘उद्योग’ ठरायला हवं.

अलीकडे सर्वोच्च न्यायालयाचा सूरही बदलला आहे. केंद्रीय जल आयोगातल्या सफाई कामगारांच्या डिसेंबर २०२४ च्या निकालात आणि गाझियाबाद महापालिकेच्या माळ्यांच्या जानेवारी २०२५ च्या निकालात न्यायालयाने बजावलं, की बारमाही काम तात्पुरत्या माणसांकडून करून घ्यायचं आणि मग उमादेवीची ढाल पुढे करायची, हे चालणार नाही.

गैरसमज ४ : मध्ये ‘ब्रेक’ दिला की मागची सेवा गेली.

वस्तुस्थिती : कामगाराचा दोष नसताना काम थांबलं, तर सलग सेवा तुटत नाही. २४० दिवस मोजताना पगारी साप्ताहिक सुट्ट्याही धरल्या जातात.

गैरसमज ५ : कायम नाही, म्हणजे पगारही रोजंदारीचाच.

वस्तुस्थिती : ऑक्टोबर २०१६ मध्ये पंजाबच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला, की कायम कर्मचाऱ्याचंच काम करणाऱ्या तात्पुरत्या माणसाला त्या पदाच्या वेतनश्रेणीतलं किमान वेतन मिळालं पाहिजे. काम सारखंच आहे, हे मात्र त्याने दाखवावं लागतं. वेतनाची ही मागणी आणि कायम करण्याची मागणी वेगळ्या आहेत. एक फेटाळली म्हणून दुसरी बुडत नाही.

खटले बहुतेक वेळा अडतात ते पुराव्यावर. २४० दिवस भरल्याचा भार कामगारावर असतो आणि नुसतं प्रतिज्ञापत्र पुरत नाही. म्हणून वेतनचिठ्ठी, ओळखपत्र, बँकेचं पासबुक, कामाचे आदेश जपून ठेवावेत. माहितीच्या अधिकारात मस्टरच्या नकला आणि मंजूर पदांचा आकृतिबंध मागावा. अर्ज करूनही कार्यालयाने मस्टर न्यायालयापुढे आणलं नाही, तर त्याचा अर्थ कार्यालयाच्या विरोधात लावता येतो. अनुचित प्रथेची तक्रार ९० दिवसांत करायची असते. उशीर झाला तर सबळ कारण सांगावं लागतं. वकिलाकडे जाताना किती वर्षं झाली एवढंच न सांगता पद कोणतं, ते मंजूर आहे का आणि नेमणूक कशी झाली, या तीन प्रश्नांची उत्तरं कागदासह न्यावीत. दावा टिकणार की नाही, हे बहुतांशी त्यांवरच ठरतं.