पात्राचं नाव कपड्याला कसं चिकटतं?

‘अनारकली दाखवू का?’ असं लग्नसराईत दुकानदार विचारतो, तेव्हा वर अंगाला बसणारा आणि खाली भरपूर घेर असलेला लांब कुर्ता डोळ्यांसमोर येतो. अनारकली दंतकथेतली, अकबरनाम्यात तिचा उल्लेख नाही. १९२२ मध्ये इम्तियाज अली ताज यांनी तिच्यावर नाटक लिहिलं. पण तिचा पोशाख आपल्या मनात ठसवला तो १९६० च्या ‘मुघल-ए-आझम’मधल्या मधुबालाने.

पात्र नुसतं कागदावर असून भागत नाही. आधी कुणी नट किंवा चित्रकार त्याला कपडे चढवतो. ते लोकांना आवडले की व्यापारी सगळ्यांच्या तोंडी असलेलं नाव उचलतात. नवं नाव रुजवण्याचा खटाटोप वाचतो.

सार्दूच्या ‘फेदोरा’ नाटकात १८८२ साली पॅरिसमध्ये सारा बर्नहार्टने रशियन राजकन्या साकारली. फेडोरा हॅट त्या नाटकावरून आली. आज ती पुरुषांची मानली जाते, पण आधी बायकांनी ती उचलली होती. ‘ट्रिल्बी’ ही जॉर्ज द्यू मोरिए यांची १८९४ ची कादंबरी. पुढच्याच वर्षी ती लंडनच्या रंगभूमीवर आली आणि त्या प्रयोगातल्या अरुंद काठाच्या हॅटला नाव मिळालं ट्रिल्बी.

सगळ्यांत विलक्षण गोष्ट त्यांच्या नातीची. डॅफ्नी द्यू मोरिए यांच्या ‘रेबेका’वर हिचकॉकने १९४० मध्ये चित्रपट काढला. त्यात जोन फाँटेनने घातलेल्या बटणांच्या स्वेटरला स्पेनमध्ये आजही ‘रेबेका’ म्हणतात. आता गंमत पाहा: कथा सुरू होण्याआधीच रेबेका मेलेली असते, ती पडद्यावर दिसतही नाही. स्वेटर घालणाऱ्या नायिकेला तर नावच नाही! म्हणजे कपड्याला नाव मिळालं ते जाहिरातीवरच्या शीर्षकाचं. माझ्या मते फेडोरा आणि ट्रिल्बी टिकण्यामागेही हेच आहे: दोन्ही नावं नाट्यगृहाच्या दारावर मोठ्या अक्षरांत लागलेली होती.

पँतालोनेचं मात्र तसं नाही. सोळाव्या शतकापासून इटलीतल्या फिरत्या नाटकमंडळ्या व्हेनिसच्या या कंजूष म्हाताऱ्या व्यापाऱ्याला रंगवत. त्याची तंग लाल विजार प्रेक्षकांनी पिढ्यान्‌पिढ्या पाहिली. फ्रेंच आणि इंग्रजीतून त्याचं नाव विजारीला मिळालं, अमेरिकेत ते आखूड झालं. आपल्या आजोबांची पाटलोण आणि आपली पँट, दोन्ही शब्द त्याच म्हाताऱ्याच्या नावावरून आले आहेत.