पेगी ॲशक्रॉफ्ट : एका अभिनेत्रीची कारकीर्द आणि नटसंघाची कल्पना

नटाची कला क्षणजीवी असते, असे म्हणण्याचा प्रघात आहे. कवीचे काव्य ग्रंथात राहते, चित्रकाराचे चित्र भिंतीवर राहते. नटाचे कर्तृत्व मात्र प्रयोग संपताच केवळ प्रेक्षकांच्या स्मृतीत उरते. चित्रपट व दूरचित्रवाणी ह्या साधनांमुळे ही स्थिती काही अंशी पालटली खरी. परंतु त्याबरोबरच एक नवी अडचणही उत्पन्न झाली. ज्या भूमिकांचे चित्रण झाले त्याच अभ्यासकाच्या नजरेसमोर राहतात, आणि जे रंगमंचावर घडून गेले ते जणू घडलेच नव्हते असे मानण्याकडे मनाची प्रवृत्ती होते. इंग्लिश अभिनेत्री डेम पेगी ॲशक्रॉफ्ट (१९०७–१९९१) ह्यांच्या बाबतीत हा धोका विशेष संभवतो. इंग्लंडबाहेरील बहुसंख्य प्रेक्षकांना त्या परिचित आहेत त्या १९८४ साली आलेल्या दोन कलाकृतींमुळे : डेव्हिड लीन ह्यांचा 'अ पॅसेज टू इंडिया' हा चित्रपट, आणि ग्रॅनडा दूरचित्रवाणीची 'द ज्युएल इन द क्राउन' ही मालिका. त्या वेळी त्यांच्या वयाची ७६ वर्षे उलटली होती व रंगभूमीवरील पदार्पणास ५८ वर्षे झाली होती. उत्तरायुष्यातील ह्या कीर्तीचा उगम शोधावयाचा तर त्या ५८ वर्षांकडे, आणि त्यांतही ज्या एका कल्पनेशी ॲशक्रॉफ्ट एकनिष्ठ राहिल्या त्या नटसंघाच्या कल्पनेकडे वळले पाहिजे.

ॲशक्रॉफ्ट ह्यांचा जन्म लंडनच्या दक्षिणेस असलेल्या क्रॉयडन येथे २२ डिसेंबर १९०७ रोजी झाला. वडील जमीनजुमल्याच्या व्यवस्थापनाचा व्यवसाय करीत. पहिल्या महायुद्धात ते कामी आले. आई हौशी नटी होती, व एल्सी फोगर्टी ह्या प्रसिद्ध अध्यापिकेकडे तिने काही काळ धडे घेतले होते. पुढे कन्येनेही त्याच फोगर्टीबाईंच्या सेंट्रल स्कूलमध्ये प्रवेश घेतला. लॉरेन्स ऑलिव्हिए हे तेथील त्यांचे सहाध्यायी होत. ह्या संस्थेचा भर वाणीच्या संस्कारावर व शुद्ध उच्चारावर होता. अभिनयाच्या अंतरंगाविषयी तेथे फारसे शिकावयास मिळाले नाही, असे ॲशक्रॉफ्ट ह्यांचे मत होते. ती उणीव भरून काढली एका ग्रंथाने. स्तानिस्लावस्की ह्यांचे 'माय लाइफ इन आर्ट' हे आत्मवृत्त १९२४ साली इंग्रजीत प्रसिद्ध झाले, आणि ह्या तरुण विद्यार्थिनीच्या मनावर त्याचा खोल ठसा उमटला. नाटक ही एका तेजस्वी नटाची मिरवणूक नसून, दीर्घकाळ एकत्र काम करणाऱ्या कलावंतांची सामुदायिक निर्मिती होय, हा विचार त्यांना तेथे प्रथम भेटला.

१९२६ साली बर्मिंगहॅम रेपर्टरी थिएटरमध्ये बॅरीच्या 'डिअर ब्रूटस' ह्या नाटकात राल्फ रिचर्ड्सन ह्यांच्यासमवेत त्यांनी व्यावसायिक रंगभूमीवर पाऊल टाकले. १९३० साली लंडनच्या सॅव्हॉय थिएटरमध्ये 'ऑथेल्लो' नाटकात पॉल रोबसन ह्या कृष्णवर्णीय अमेरिकन नटासमोर त्यांनी डेस्डिमोना साकारली. गोऱ्या नायिकेसमवेत कृष्णवर्णीय नटाने ऑथेल्लो रंगवावा, हीच गोष्ट त्या काळी अनेकांना खुपत होती. ह्या प्रयोगामुळे वर्णद्वेषाचे वास्तव आपणास प्रथम कळले, असे ॲशक्रॉफ्ट ह्यांनी पुढे सांगितले आहे. त्यानंतर १९३२–३३ च्या हंगामात ओल्ड विक ह्या स्वस्त तिकिटांच्या लोकाभिमुख नाट्यगृहात त्यांनी इमोजेन, रोझलिंड, पोर्शिया, पर्डिटा, मिरँडा इत्यादी भूमिका एकापाठोपाठ एक केल्या. तालमीस वेळ अल्प आणि भूमिका अनेक, अशी तेथील परिस्थिती होती. ह्या धावपळीत अनुभव विपुल मिळाला, तरी भूमिका मनात मुरण्यास लागणारी उसंत मिळाली नाही.

ती उसंत मिळवून देणाऱ्या व्यवस्थेचा शोध हाच ह्यापुढील कारकिर्दीचा धागा होय. १९३५ साली जॉन गिलगुड ह्यांनी न्यू थिएटरमध्ये 'रोमिओ अँड ज्युलिएट' सादर केले. गिलगुड व ऑलिव्हिए रोमिओ आणि मर्क्युशिओ ह्या भूमिका आलटूनपालटून करीत, एडिथ एव्हान्स दाईची भूमिका करीत, आणि ज्युलिएट ॲशक्रॉफ्ट ह्यांची होती. ह्या नाटकाचे १८६ प्रयोग झाले. त्यानंतर १९३७–३८ साली गिलगुड ह्यांनी क्वीन्स थिएटरमध्ये एकाच नटसंचाकडून चार नाटके करविण्याचा संकल्प सोडला. त्यांपैकी चेखॉव्हच्या 'थ्री सिस्टर्स'चे दिग्दर्शन मिशेल सँ-दनी ह्या फ्रेंच दिग्दर्शकाकडे होते. लंडनच्या व्यावसायिक रंगभूमीवर तीन-चार आठवड्यांच्या तालमी पुरेशा समजल्या जात असता, सँ-दनी ह्यांनी सात-आठ आठवडे घेतले. धाकटी बहीण इरिना ही भूमिका ॲशक्रॉफ्ट ह्यांनी केली. ह्या प्रयोगाचे यश एकट्या कोणाचे नव्हते. घरात वर्षानुवर्षे एकत्र राहिलेली माणसे एकमेकांशी बोलत आहेत, असा भास संपूर्ण नटसंचाने उत्पन्न केला होता.

तथापि इंग्लंडातील नाट्यव्यवसायाची घडी अशा कार्यास अनुकूल नव्हती. तेथे प्रत्येक नाटकासाठी नवा नटसंच जमविला जाई, आणि उत्पन्न थांबताच तो विसर्जित होई. सरकारी साहाय्य नव्हते. १९३८ च्या अखेरीस सँ-दनी ह्यांनी फिनिक्स थिएटरमध्ये स्थायी मंडळी उभारण्याचा प्रयत्न केला. बुल्गाकोव्हच्या 'द व्हाइट गार्ड'मध्ये ॲशक्रॉफ्ट होत्या. परंतु तो उपक्रम अल्पावधीतच आटोपला. युद्धकाळात, १९४४–४५ साली, गिलगुड ह्यांनी हेमार्केटमध्ये पुन्हा तसा हंगाम केला. तेथे ऑफिलिया, टिटानिया आणि वेब्स्टरच्या नाटकातील मॅल्फीची डचेस ह्या भूमिका ॲशक्रॉफ्ट ह्यांच्या वाट्यास आल्या. तो हंगाम संपताच तो नटसंचही पांगला.

मधल्या काळात त्यांना वेस्ट एंडमध्ये यश मिळाले नाही, असे मुळीच नाही. 'एडवर्ड, माय सन' (१९४७), 'द एअरेस' (१९४९) आणि रॅटिगनचे 'द डीप ब्ल्यू सी' (१९५२) ही तिन्ही नाटके गाजली. इब्सेनच्या 'हेडा गॅब्लर'मधील (१९५४) भूमिकेबद्दल नॉर्वेच्या राजाने त्यांना सुवर्णपदक दिले, आणि १९५६ साली 'डेम' हा किताबही लाभला. मात्र सर्वच भूमिका त्यांना सारख्या साधल्या नाहीत, हेही नमूद केले पाहिजे. १९५३ साली स्ट्रॅटफर्ड येथे केलेली त्यांची क्लिओपात्रा काही समीक्षकांना फारच इंग्लिश व संयत वाटली. परंतु त्यांची निष्ठा कोठे होती, हे १९५६ सालच्या एका निर्णयावरून दिसून येते. त्या वर्षी एनिड बॅग्नॉल्ड ह्यांचे 'द चॉक गार्डन' हे नाटक हेमार्केटमध्ये यशस्वीपणे चालू असता ॲशक्रॉफ्ट ह्यांनी ते सोडले, आणि जॉर्ज डिव्हाइन ह्यांच्या नवोदित इंग्लिश स्टेज कंपनीत, रॉयल कोर्ट नाट्यगृहात, ब्रेख्तच्या 'द गुड वुमन ऑफ सेट्झुआन'मधील शेन-ते व शुई-ता ही दुहेरी भूमिका स्वीकारली. ब्रेख्त तेव्हा इंग्लिश प्रेक्षकास जवळजवळ अपरिचित होता. सुस्थिर यश सोडून अनिश्चित प्रयोगाकडे जाण्याची गरज ४८ वर्षांच्या मान्यवर अभिनेत्रीस व्यावहारिक दृष्टीने नव्हती. ती होती कलेच्या दृष्टीने.

ह्या शोधाची परिणती १९६० साली झाली. पीटर हॉल ह्यांनी वयाच्या २९ व्या वर्षी स्ट्रॅटफर्डच्या नाट्यगृहाची सूत्रे हाती घेतली. केवळ हंगामापुरते नट गोळा करण्याची जुनी रीत मोडून, नटांशी तीन वर्षांचे करार करावेत, लंडनमध्येही एक नाट्यगृह घ्यावे, आणि अभिजात नाटकांबरोबर नवी नाटकेही करावीत, अशी त्यांची योजना होती. प्रथितयश नट दीर्घ करारात स्वतःस गुंतवून घेण्यास सहसा राजी नसत. हॉल ह्यांनी प्रारंभीच ॲशक्रॉफ्ट ह्यांना विचारले, आणि त्यांनी होकार दिला. योजनेस जी विश्वासार्हता हवी होती, ती ह्या होकाराने प्राप्त झाली. त्याच वर्षी, ५२ व्या वर्षी, त्यांनी पीटर ओटूल ह्यांच्यासमोर 'द टेमिंग ऑफ द श्रू'मधील कॅथरिना रंगविली. नायिकेचे वय नि आपले वय ह्यांतील अंतराची त्यांनी तमा बाळगली नाही. १९६१ साली ह्या संस्थेस रॉयल शेक्सपिअर कंपनी हे नाव मिळाले.

ह्या संस्थेतील त्यांचे सर्वश्रेष्ठ कार्य म्हणजे 'द वॉर्स ऑफ द रोझेस' (१९६३–६४). जॉन बार्टन व पीटर हॉल ह्यांनी शेक्सपिअरची 'हेन्री सहावा'ची तिन्ही नाटके आणि 'रिचर्ड तिसरा' ह्यांचे संपादन करून तीन सलग नाटके सिद्ध केली. त्यांत अँजूची मार्गारेट ही भूमिका ॲशक्रॉफ्ट ह्यांची होती. फ्रान्समधून आलेली तरुण राजवधू, सैन्याचे नेतृत्व करणारी राणी, पुत्रशोकाने पिसाट झालेली माता, आणि अखेरीस शापवाणी उच्चारीत भग्न राजवाड्यात भटकणारी वृद्धा, अशा चार अवस्थांतून ही व्यक्तिरेखा जाते. 'र' ह्या वर्णाच्या किंचित फ्रेंच उच्चाराने मार्गारेटचे परकेपण त्यांनी शेवटपर्यंत जागे ठेवले. एरव्ही स्वतंत्रपणे क्वचितच सादर होणाऱ्या ह्या नाटकांतून एका स्त्रीचे संपूर्ण आयुष्य प्रेक्षकासमोर उभे राहिले, ते चारही नाटकांस सलग जीवन देणारा स्थायी नटसंघ उपलब्ध होता म्हणूनच. बी. बी. सी.ने ह्या प्रयोगाचे चित्रण करून ते १९६५ साली प्रसारित केले. त्यांच्या रंगमंचीय अभिनयाचे जे थोडे साक्षात पुरावे आज आहेत, त्यांत हे प्रमुख होय.

नव्या नाटकांनी त्यांच्या कलेस निराळे वळण दिले. हॅरॉल्ड पिंटर ह्यांचे 'लँडस्केप' हे नाटक काटछाट केल्यावाचून करण्यास नाट्यपरीक्षण अधिकाऱ्याने अनुमती नाकारल्यामुळे १९६८ साली प्रथम नभोवाणीवर झाले. त्यात बेथची भूमिका ॲशक्रॉफ्ट ह्यांची होती. त्याच वर्षी नाट्यपरीक्षणाचा कायदा रद्द झाला व १९६९ साली ते रंगमंचावर आले. बेथ जागेवरून हलत नाही. समोरच्या पतीचे शब्द तिला जणू ऐकूच येत नाहीत. १९७५ साली बेकेटच्या 'हॅपी डेज'मध्ये विनी ही भूमिका त्यांनी केली. पहिल्या अंकात कंबरेपर्यंत व दुसऱ्या अंकात गळ्यापर्यंत मातीत पुरलेली ही स्त्री अखंड बोलत राहते. अशा भूमिकेत नटीपाशी उरतो तो केवळ आवाज, नेत्र आणि मुखावरील सूक्ष्म विकार. कॅमेऱ्यास नेमके हेच हवे असते.

चित्रपटात त्या अगदीच नवख्या नव्हत्या. हिचकॉक ह्यांच्या 'द थर्टी-नाइन स्टेप्स'मध्ये (१९३५) स्कॉटिश शेतकऱ्याच्या तरुण पत्नीची काही मिनिटांची भूमिका त्यांनी केली होती. पळून आलेल्या नायकास ती पतीचा कोट देते, आणि त्या एका कृतीतून तिच्या कोंडलेल्या आयुष्याची कल्पना येते. परंतु रंगभूमीच्या ओढीमुळे पुढील चाळीस वर्षांत त्यांनी थोडेच चित्रपट केले. १९८१ साली सुरू झालेल्या 'ऑल्स वेल दॅट एंड्स वेल'मधील काउंटेस ही त्यांची शेवटची महत्त्वाची रंगमंचीय भूमिका ठरली, आणि त्यानंतर त्या पडद्याकडे वळल्या.

१९८४ सालच्या दोन भूमिका परस्परांशेजारी ठेवून पाहण्याजोग्या आहेत. पॉल स्कॉट ह्यांच्या कादंबरीचतुष्टयावर आधारलेल्या मालिकेतील बार्बी बॅचलर ही मिशन शाळेतील निवृत्त शिक्षिका. फॉर्स्टरच्या कथेतील मिसेस मूर ही पुत्रास भेटावयास आलेली वृद्ध माता. दोघीही ब्रिटिश सत्तेच्या छायेत राहून त्या सत्तेपासून अंतराने दूर असलेल्या. दोघींचीही ख्रिस्ती श्रद्धा भारतात ढासळते. परंतु बार्बी अखंड बोलते, आणि तिचे बोलणे थांबते तेव्हाच तिच्या दुःखाचा तळ लागतो. मिसेस मूर गुहेतील प्रतिध्वनी ऐकल्यानंतर क्रमशः शब्दांपासून दूर सरकते. पहिलीत विनीची आणि दुसरीत बेथची स्मृती जागी होते, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. मिसेस मूरच्या भूमिकेस १९८५ साली सहायक अभिनेत्रीचे ऑस्कर पारितोषिक मिळाले. त्या वेळी त्या ७७ वर्षांच्या होत्या.

मराठी वाचकास ह्या कथेत एक जवळचा दुवाही आढळेल. फॉर्स्टर १९२१ साली थोरल्या पातीच्या देवास संस्थानात तुकोजीराव पवार ह्या मराठा राजाचे खाजगी चिटणीस होते, आणि तेथील गोकुळअष्टमीच्या उत्सवाचा अनुभव त्यांच्या कादंबरीच्या अखेरच्या भागात उतरला आहे. त्या प्रसंगी तुकारामाच्या भजनात तल्लीन झालेल्या गोडबोले ह्या दक्षिणी ब्राह्मणाच्या मनश्चक्षूंपुढे मिसेस मूरची आकृती अवचित उभी राहते. चित्रपटात गोडबोले झाले ॲलेक गिनेस. १९३७–३८ च्या क्वीन्स थिएटरमधील नटसंचात हेच गिनेस तरुण नट म्हणून ॲशक्रॉफ्ट ह्यांच्यासमवेत होते.

१४ जून १९९१ रोजी लंडन येथे त्यांचे निधन झाले. क्रॉयडन येथील ॲशक्रॉफ्ट थिएटर हे त्यांच्या नावाचे नाट्यगृह १९६२ साली, त्यांच्या हयातीतच, उघडले होते. अभ्यासकाने ध्यानात घ्यावयाची गोष्ट ही की, ज्या दोन भूमिकांनी त्यांना जगभर कीर्ती दिली, त्यांची तालीम एका अर्थी १९३८ पासून चालू होती. दीर्घ तालमी, स्थायी सहकारी आणि उत्पन्नाच्या चिंतेतून मुक्त असे नाट्यगृह ह्यांची इंग्लंडात सोय नव्हती. ती घडविण्याच्या प्रत्येक प्रयत्नात ह्या अभिनेत्रीने आपली प्रतिष्ठा पणास लावली. केवळ चित्रपटांच्या यादीवरून त्यांचे मूल्यमापन करणे म्हणजे फळ पाहून वृक्षाचे वय ठरविण्यासारखे होईल.