शिंदे घाट आणि नदीचा वाटा

काशीचा शिंदे घाट १८३० मध्ये ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे यांनी बांधला. तेथील कललेले रत्नेश्वर महादेव मंदिर पावसाळ्यात बरेचसे गंगेत बुडते, तर उन्हाळ्यात उघडे पडते. पाऊस संपल्यावरही गंगा कशी वाहते? हिमालयातील बर्फ वितळते आणि जमिनीत मुरलेले पाणी नदीत पाझरते. विहिरी व कूपनलिकांतून अतिउपसा झाला, की हा पाझर आटतो.

जगाची सुमारे १८ टक्के लोकसंख्या भारतात आहे. गोडे पाणी मात्र सुमारे ४ टक्केच. म्हणून पाणी मुरवणे, ठिबक सिंचन आणि सांडपाण्याचा पुनर्वापर आवश्यक ठरतो. शाश्वत व्यवस्थापनाचे सूत्र लक्षात ठेवा: जितके मुरते, त्याहून कमी उपसावे, उरलेला वाटा नदीचा असतो.