‘कियारा’ म्हणजे नेमकं काय?

बाळाचं नाव शोधताय? जरा थांबा! गिरगावातल्या खोताच्या वाडीचं नाव दादोबा वामन खोत यांच्यावरून पडलं, हिशेब सरळ. पण याच वाडीत मराठी आणि ईस्ट इंडियन घरं शेजारी-शेजारी. बारसं असो की बाप्तिस्मा, ‘कियारा’ दोन्हीकडे फिट्ट बसेल. अर्थ मात्र? इटालियन ‘किआरा’ म्हणजे तेजस्वी. संत क्लेअरचं मूळ नाव हेच. आयरिश ‘कीरा’ म्हणजे चक्क काळी! रोमन स्पेलिंगमध्ये फरक फक्त एका ‘एच’चा. कुणी नाव संस्कृत आहे म्हणालं, तर वामन शिवराम आपट्यांचा १८९० चा कोश नेटवर फुकट आहे, त्यात शब्द शोधा. नाव आवडलं तर खुशाल ठेवा, पण आमंत्रणावर अर्थ छापण्याआधी एवढं बघाच.