कवयित्री आणि तिची संहिता : अमेरिकन काव्यातील एक प्रश्न

काव्यसमीक्षेचा पुष्कळसा भाग एका मूक गृहीतकावर उभा असतो. वाचकापुढे असलेला काव्यग्रंथ कवीनेच सिद्ध केलेला आहे, हे ते गृहीतक. कवितांचा क्रम, शीर्षके, कडव्यांची संख्या, विरामचिन्हे ही सर्व कवीच्याच इच्छेची फलिते आहेत असे मानून समीक्षक शैलीची चिकित्सा करू लागतो. अमेरिकन कवयित्रींच्या बाबतीत हे गृहीतक वारंवार कोसळते. सतराव्या शतकापासून विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत तेथील अनेक श्रेष्ठ कवयित्रींची कविता दुसऱ्याच्या हातून जगापुढे आली. तो हात कधी आप्ताचा होता, कधी धन्याचा, कधी मैत्रिणीचा, तर कधी पतीचा. ह्या परहस्ताची हकीकत चरित्रकाराकडे सोपवून समीक्षकाला मोकळे होता येत नाही. कारण त्या हाताचे ठसे संहितेतच उमटलेले आहेत.

परंपरेचा आरंभच ह्या दृष्टीने सूचक आहे. ॲन ब्रॅडस्ट्रीट ही १६३० साली इंग्लंडहून मॅसॅच्युसेट्सच्या वसाहतीत आली. प्युरिटन समाजात आठ मुलांचा संसार करता करता तिने लिहिलेल्या कविता तिचा मेहुणा जॉन वुडब्रिज ह्याने लंडनला नेल्या आणि १६५० मध्ये ‘द टेन्थ म्यूज लेटली स्प्रंग अप इन अमेरिका’ ह्या भारदस्त नावाने छापून टाकल्या. कवयित्रीला ह्याची कल्पना नव्हती. प्रास्ताविकात मेहुण्याने दोन गोष्टींची ग्वाही दिली आहे : हे लेखन खरोखरच एका स्त्रीचे आहे, आणि त्यासाठी तिने घरकामाचा नव्हे, झोपेचा वेळ वेचला आहे. पुढे ब्रॅडस्ट्रीटने आपल्या ग्रंथालाच उद्देशून एक कविता लिहिली. तीत ती त्याला फाटक्या वेशात चारचौघांपुढे नेऊन उभ्या केलेल्या मुलाची उपमा देते. विनयाचा नमुना म्हणून ही कविता वाचली जाते. पण त्या विनयाच्या पोटात एक तक्रारही आहे : आपले मूल नीटनेटके करून घराबाहेर पाठवण्याचा आईचा हक्क कोणीतरी परस्पर बजावला. तिने केलेल्या दुरुस्त्यांसह नवी आवृत्ती बॉस्टनमध्ये निघाली ती १६७८ साली, तिच्या मृत्यूनंतर सहा वर्षांनी. पतीविषयीच्या ज्या कवितांमुळे आज तिचे नाव प्रेमाने घेतले जाते, त्या ह्या मरणोत्तर आवृत्तीतच प्रथम प्रसिद्ध झाल्या.

फिलिस व्हीटलीची गोष्ट अधिक दारुण आहे. पश्चिम आफ्रिकेतून पळवून आणलेली ही सात-आठ वर्षांची मुलगी १७६१ साली बॉस्टनच्या बाजारात विकली गेली. ज्या जहाजातून ती आली त्याचेच नाव तिला देण्यात आले. तिच्या कवितांचे पुस्तक १७७३ मध्ये लंडनला निघाले. त्याच्या आरंभी धन्याचे पत्र आहे, आणि बॉस्टनच्या अठरा प्रतिष्ठित पुरुषांनी स्वाक्षऱ्या करून दिलेला एक दाखलाही आहे. ह्या कविता ह्या गुलाम मुलीनेच रचल्या असाव्यात असा आपला विश्वास आहे, हे त्या दाखल्याचे तात्पर्य. स्वाक्षरी करणाऱ्यांत वसाहतीचा गव्हर्नर टॉमस हचिन्सन जसा होता तसाच जॉन हॅनकॉकही होता. राजकारणात जे एकमेकांचे वैरी, ते ह्या एका कागदावर एकत्र आले. ग्रंथ निघाल्यानंतर लवकरच व्हीटली दास्यातून मुक्त झाली. पण १७७९ मध्ये तिने दुसऱ्या संग्रहाची योजना जाहीर केली तेव्हा पुरेसे वर्गणीदार मिळाले नाहीत. १७८४ साली ती दारिद्र्यात मरण पावली आणि ते हस्तलिखित नाहीसे झाले. धन्याच्या छायेत असताना तिची कविता छापली गेली. स्वतंत्र झाल्यावर लिहिलेली बहुतांशी हरपली. तिच्या उपलब्ध काव्यातील संयम आणि धार्मिकता ह्यांबद्दल निर्णय देताना आपण एका निवडलेल्या अर्ध्या भागाविषयीच बोलत आहोत, ह्याचे भान समीक्षकाने राखावयास हवे.

ह्या प्रश्नाचे सर्वांत बोलके उदाहरण अर्थातच एमिली डिकिन्सनचे. १८३० मध्ये ॲमहर्स्ट गावी जन्मलेली आणि १८८६ मध्ये तेथेच निवर्तलेली ही कवयित्री. तिच्या सुमारे अठराशे कवितांपैकी हयातीत छापल्या गेल्याचे ज्ञात आहे त्या जेमतेम दहा, त्याही निनावी. तिच्या मृत्यूनंतर धाकटी बहीण लॅव्हिनिया हिला पेटीत कवितांची बाडे सापडली. कागद दुमडून, कडेने दोरा ओवून डिकिन्सनने स्वतः शिवलेल्या चाळीस पुस्तिका त्यांत होत्या. काही ठिकाणी शब्दावर बारीकशी फुली करून पानाच्या तळाशी तिने पर्यायी शब्द नोंदवून ठेवले होते, आणि कित्येकदा त्यांतून अंतिम निवड केलीच नव्हती. वाक्याला छेद देणाऱ्या लहानमोठ्या आडव्या रेघा सर्वत्र पसरलेल्या होत्या.

मेबल लूमिस टॉड आणि टॉमस वेंटवर्थ हिगिन्सन ह्यांनी ह्या बाडांतून निवडलेला पहिला संग्रह १८९० मध्ये प्रसिद्ध केला. हिगिन्सन हा तिचा जुना पत्रमित्र. १८६२ मध्ये तिने त्याच्याकडे चार कविता धाडून त्या जिवंत आहेत का, अशी पृच्छा केली होती. ह्या दोघांनी कवितांना शीर्षके दिली, रेघांच्या जागी स्वल्पविराम व पूर्णविराम घातले, आणि सदोष वाटलेली यमके जुळवून घेतली. हेतू शुद्ध होता. तत्कालीन वाचकाने विचित्र म्हणून ही कविता दूर लोटू नये, एवढीच त्यांची धडपड होती; आणि पुस्तकाच्या झपाट्याने निघालेल्या आवृत्त्यांनी त्यांचा अंदाज खरा ठरवला.

परंतु ह्या सौम्य दुरुस्त्यांनी काय साधले आणि काय गमावले, हे एका कवितेवरून पाहता येते. मृत्यू सभ्य गृहस्थासारखा रथ घेऊन दारी येतो आणि निवेदिकेला सोबत नेतो, ही तिची विख्यात कविता. १८९० च्या संग्रहात ती ‘द चॅरियट’ ह्या संपादकीय शीर्षकाखाली छापली गेली. मूळ हस्तलिखितात वाटेवरच्या शाळेतील मुले मधल्या सुट्टीत झटापट करीत आहेत. छापील पाठात ती नुसती खेळतात. शेवटून दुसऱ्या कडव्यात डिकिन्सनने यमकाच्या जागी एकच शब्द दोनदा योजला होता. आपण भूमीपाशी येऊन थांबलो आहोत ही जाणीव त्या पुनरुक्तीने हातोड्यासारखी आदळते. संपादकांनी दुसरा शब्द बदलून तेथे रीतसर यमक साधले. सर्वांत मोठी गोष्ट म्हणजे सबंध चौथे कडवे गाळले गेले. ह्याच कडव्यात निवेदिका स्वतःला मध्येच सावरून घेते : आपण सूर्याला मागे टाकले नाही, सूर्यानेच आपल्याला मागे टाकले. लगेच दव पडू लागते, थंडी बोचू लागते, अंगावरचे वस्त्र तलम असल्याचे ध्यानी येते. हे कडवे काढले की कविता एका शांत, सुखद प्रवासाची राहते. ते ठेवले की सहलीच्या मध्यावरच प्रवासिनीला आपण थिजत चाललो आहोत हे कळते. जवळजवळ पासष्ट वर्षे वाचकांनी पहिली कविता वाचली आणि तिच्याच आधारे डिकिन्सनची मृत्युविषयक दृष्टी शांत व विश्वासपूर्ण असल्याचे मानले.

विरामचिन्हांसारख्या किरकोळ बाबी कवयित्रीला महत्त्वाच्या वाटत नसाव्यात, हा बचावही टिकत नाही. १८६६ मध्ये सापावरची तिची एक कविता ‘स्प्रिंगफील्ड रिपब्लिकन’ ह्या वृत्तपत्रात आली. तेव्हा तिने हिगिन्सनला कळवले, की कविता आपल्याकडून लुबाडून नेली गेली आणि तिसऱ्या ओळीचा विरामचिन्हामुळे पराभव झाला. ज्या संपादकाने चोवीस वर्षांनंतर तिची विरामचिन्हे बदलली, त्यालाच हे पत्र आले होते.

पुढची कथा घरगुती कलहाची आहे. एका जमिनीच्या तुकड्यावरून लॅव्हिनिया आणि टॉड ह्यांच्यात १८९८ मध्ये दावा चालला. हस्तलिखिते दोन घरांत विभागली गेली आणि दोन्ही घरांनी आपापला हिस्सा वेगवेगळा छापला. भावजय सुझन हिला डिकिन्सनने शेकडो पत्रे व कविता पाठवल्या होत्या. काही कागदांवरून तिचे नाव खरडून काढल्याचे पुढे अभ्यासकांनी दाखवून दिले. टॉमस जॉन्सन ह्याने १९५५ मध्ये तीन खंडांत सर्व उपलब्ध कविता पाठभेदांसह छापल्या, तेव्हा कोठे रेघांसकट डिकिन्सन जगापुढे आली. १९८१ मध्ये राल्फ फ्रँकलिनने हस्तलिखित पुस्तिकांच्या प्रतिकृती छापल्या आणि १९९८ मध्ये नवी चिकित्सक आवृत्ती दिली. २०१६ मध्ये क्रिस्टॅन मिलर हिने त्या पुस्तिकांचा क्रम राखणारी वाचनावृत्ती सिद्ध केली. तरीही वाद मिटलेला नाही. हस्तलिखितात ओळ जेथे तुटते तेथे ती कागद संपला म्हणून तुटते की अर्थासाठी, असा प्रश्न कवयित्री सुझन हाउ हिने उपस्थित केला. छपाई हीच ह्या कवितेवर होणारी एक प्रकारची सक्ती आहे, असे ह्या पक्षाचे म्हणणे. ते टोकाचे वाटले तरी त्यामागील सावधपणा ग्राह्य आहे.

परहस्त नेहमीच अरसिक वा कठोर असतो असे नाही. मेरिअन मूर हिचा पहिला संग्रह १९२१ मध्ये लंडनला तिच्या नकळत निघाला. तो काढला होता एच. डी. ही कवयित्री आणि तिची मैत्रीण ब्रायर ह्यांनी, निखळ स्नेहापोटी. १९३५ मध्ये तिच्या निवडक कवितांचा क्रम टी. एस. एलियटने लावला. मूरने ह्या उपकारांचे उत्तर आपल्या रीतीने दिले : आयुष्यभर ती आपल्याच कविता पुन्हा पुन्हा छाटत राहिली. १९६७ च्या संग्रहात ‘पोएट्री’ ही आपली सुप्रसिद्ध कविता तिने तीन ओळींवर आणली आणि जुना विस्तृत पाठ टिपांत ढकलला. आपल्या संहितेवर शेवटचा हात आपलाच, असे जणू तिने बजावले.

सिल्व्हिया प्लाथला ही संधी मिळाली नाही. ११ फेब्रुवारी १९६३ रोजी लंडनमध्ये तिने आत्महत्या केली, तेव्हा ‘एरियल’ ह्या संग्रहाची जुळणी तिने करून ठेवली होती. मृत्युपत्र नव्हते, पती टेड ह्यूज विभक्त राहत होता, पण विवाह कायम असल्याने हक्क त्याच्याकडे गेले. १९६५ मध्ये त्याने छापलेल्या ‘एरियल’मधून मूळ जुळणीतील सुमारे डझनभर कविता वगळल्या गेल्या आणि तिच्या अखेरच्या आठवड्यांतील काही कविता समाविष्ट झाल्या. मूळ क्रमात पहिला शब्द ‘प्रेम’ ह्या अर्थाचा आणि शेवटचा ‘वसंत’ ह्या अर्थाचा होता. मधमाश्यांच्या कवितांनी, म्हणजे हिवाळा तगून काढण्याच्या प्रतिमेने, संग्रह मिटत होता. ह्यूजच्या क्रमात तो नियतीच्या आणि निश्चलतेच्या कवितांशी संपतो. एकाच कवितासमूहातून एक ग्रंथ जगण्याकडे जाणारा झाला आणि दुसरा मरणाकडे. प्लाथची जी मृत्युवेडी प्रतिमा समीक्षेत रूढ झाली, तिच्यामागे ह्या दुसऱ्या ग्रंथाचा मोठा वाटा आहे. न्यायाने हेही सांगितले पाहिजे, की ह्यूजने घातलेल्या कवितांत तिच्या उत्कृष्ट कविता आहेत. १९८१ च्या समग्र आवृत्तीत मूळ क्रम प्रकट केला तोही त्यानेच. त्या आवृत्तीला १९८२ चे पुलित्झर पारितोषिक मिळाले. मूळ जुळणीचे स्वतंत्र पुस्तक मात्र कन्या फ्रीडा ह्यूजच्या प्रस्तावनेसह २००४ मध्येच निघाले.

नंतरच्या पिढीने हा धडा ओळखला होता. एड्रिएन रिच हिच्या १९५१ च्या पहिल्या संग्रहाला डब्ल्यू. एच. ऑडेनची प्रस्तावना होती. वडीलधाऱ्यांचा मान राखणाऱ्या, हळू आवाजात बोलणाऱ्या सुशील मुलींची वर्णने जशी करावीत, तसे त्याने ह्या कवितांचे कौतुक केले. काही वर्षांतच रिच आपल्या प्रत्येक कवितेखाली वर्ष घालू लागली. कविता ही कालातीत वस्तू नसून एका माणसाच्या वाटचालीतील मुक्काम आहे, हे तिला नोंदवायचे होते. दिनांकित संहितेचा क्रम दुसऱ्याला सहजासहजी मोडता येत नाही, हा त्यातील आनुषंगिक लाभ. ग्वेंडोलिन ब्रुक्स हिने आणखी पुढचे पाऊल टाकले. १९५० मध्ये पुलित्झर पारितोषिक मिळवणारी ती पहिली कृष्णवर्णीय लेखक. पण साठोत्तरी जागृतीच्या काळात तिने न्यूयॉर्कची मोठी प्रकाशनसंस्था सोडून डेट्रॉइटच्या ‘ब्रॉडसाइड प्रेस’ ह्या छोट्या कृष्णवर्णीय संस्थेला आपली पुस्तके दिली, आणि १९८७ मध्ये आपल्या कवितांचा ‘ब्लॅक्स’ हा बृहत्संग्रह स्वतःच्याच प्रकाशनातून काढला. व्हीटलीला अठरा स्वाक्षऱ्या लागल्या होत्या. ब्रुक्सला तिची स्वतःची पुरेशी झाली.

ह्या इतिहासाचा भारतीय भाषांतील अभ्यासकाशी थेट संबंध येतो तो अनुवादाच्या प्रसंगी. डिकिन्सनच्या १८९० च्या पाठावर कोणाचा हक्क उरलेला नाही. जॉन्सन व फ्रँकलिन ह्यांच्या पाठांचे हक्क हार्वर्डकडे आहेत. परिणामी स्वस्त संकलनांतून टॉड-हिगिन्सनचीच डिकिन्सन अजून सर्वत्र भेटते. अनुवादकाने पहिला प्रश्न विचारावयाचा तो हा, की समोरचा पाठ कोणाचा?

दुसरा प्रश्न अधिक अवघड आहे. कारण तो त्याने स्वतःलाच विचारावयाचा आहे. इंग्रजीतील ‘मी’ला लिंग नसते, मराठीत ‘मी थांबले’ की ‘मी थांबलो’ हे ठरवल्यावाचून भूतकाळी वाक्यच पुरे होत नाही. डिकिन्सनने हिगिन्सनला लिहिले होते, की आपल्या कवितेतील ‘मी’ म्हणजे आपण नव्हे, ती एक कल्पित व्यक्ती आहे. सापाच्या कवितेतील ‘मी’ तर आपल्या मुलगेपणाची आठवण सांगतो. सरसकट स्त्रीलिंगी क्रियापद योजणारा अनुवादक कवयित्रीने उघडे ठेवलेले एक दार बंद करतो. रथ घेऊन आलेल्या मृत्यूला ‘तो’ म्हणावे की आदराने ‘ते’, हाही निर्णय त्याचाच. आणि तिच्या रेघांच्या जागी ‘म्हणून’, ‘परंतु’, ‘कारण’ अशी अव्यये भरण्याचा मोह तर पदोपदी होतो. कविता सुबोध व्हावी हाच त्याचाही हेतू असतो, जसा तो टॉडबाईंचा होता.

अनुवादक हाही अशा रीतीने एक परहस्तच असतो. निर्णय टाळणे त्याला शक्य नाही. पण ते निर्णय कोठे घेतले आणि कशाच्या बदल्यात घेतले, हे वाचकाला सांगणे शक्य आहे. ब्रॅडस्ट्रीटच्या मेहुण्याने आणि ‘द चॅरियट’च्या संपादकांनी जे केले नाही, ते एवढेच.